गोबीतील मोटारी आणि खेड्यातील सुतार

इ. स. १९०७ च्या जून महिन्याच्या १० तारखेस पेकिंगहून पाच मोटारी पॅरिसकडे निघाल्या. 'ल मातँ' या फ्रेंच वृत्तपत्राने दिलेले हे आव्हान होते. वाट सुमारे १५,००० किलोमीटरांची, आणि तिच्या पूर्वार्धातच गोबीचे वाळवंट! इटलीचा उमराव शिपिओने बोर्गेझे याची 'इटाला' मोटार १० ऑगस्टला पॅरिसला पोहोचली. यंत्राने वाळवंट जिंकले, असा या घटनेचा अर्थ सामान्यतः लावण्यात येतो.

परंतु प्रवासाचा तपशील पाहिला म्हणजे निराळेच दिसू लागते. पेकिंगच्या उत्तरेचे डोंगर या मोटारींनी स्वबळावर ओलांडलेच नाहीत. मजुरांनी व जनावरांनी दोर लावून त्या ओढून नेल्या. गोबीतील पेट्रोल उंटांच्या तांड्यांनी आधीच नेऊन ठेवले होते. तेथे वाट दाखविली ती तारेच्या खांबांनी. ऑग्यूस्त पों याच्या तीनचाकीतील पेट्रोल वाळवंटात संपले आणि त्याची शर्यत तेथेच आटोपली. सैबेरियात 'इटाला' काही अंतर आगगाडीच्या रुळांवरून न्यावी लागली. पुढे रशियात तिचे लाकडी चाक निकामी झाले, तेव्हा ते एका खेड्यातील सुताराने सांधून दिले. ज्या हातांनी आजवर घोडागाड्यांची चाके घडविली, त्यांनीच यंत्रयुगाची लाज राखली!

नांदेड-लातूरकडील वाचकांस यात नवल वाटू नये. विसाव्या शतकाच्या उंबरठ्यावर नांदेडला मनमाड-हैदराबाद लोहमार्ग आला. १९११ साली बार्शी लाइट रेल्वेचा अडीच फुटी रूळ लातूरला पोहोचला. परंतु कापूस व धान्य स्थानकापर्यंत आणी ती बैलगाडीच; आणि पावसाळ्यात काळ्या रानातून चाक निघे ते बैलांच्याच खांद्यावर. १९३२ मध्ये हैदराबाद संस्थानात सरकारी मोटार-वाहतूक सुरू झाली, तीही निजामाच्या रेल्वेच्याच एका खात्याच्या रूपाने, अवघ्या २७ बसगाड्यांनिशी. नवे वाहन येथेही जुन्याच्या आधारानेच उभे राहिले.

बोर्गेझेचे धाडस यामुळे उणे ठरत नाही. तथापि प्रगतीचा हिशेब मांडताना केवळ जमेची बाजू वाचणे हा इतिहास नव्हे; ऋणाची बाजूही वाचली पाहिजे. उमरावाचे नाव जगाने जपले. सुताराचे चाक मात्र पॅरिसच्या दिशेने निघून गेले, आणि तो आपल्या कुऱ्हाडीसह खेड्यातच राहिला.