महाराष्ट्रातील महिला हॉकी

महाराष्ट्रातील महिला हॉकी : मैदानी हॉकी हा खेळ महाराष्ट्रातील स्त्रियांत प्रथम शहरी मिशनरी शाळांतून रुजला, पुढे रेल्वेसारख्या सेवासंस्थांच्या आश्रयाने वाढला आणि अलीकडच्या काळात शासकीय निवासी प्रशिक्षणाच्या द्वारे ग्रामीण भागात पोहोचला. या तिन्ही टप्प्यांत राज्याने देशाला ऑलिंपिक व आशियाई दर्जाच्या महिला खेळाडू दिल्या. तथापि या खेळाडूंची कारकीर्द केवळ त्यांच्या व्यक्तिगत गुणवत्तेवर अवलंबून नव्हती. लहानपणी खेळावयास मिळणारे मैदान, तारुण्यात मिळणारी नोकरी आणि मैदानाच्या पृष्ठभागाचा प्रकार या तीन गोष्टींनी ती प्रत्येक वेळी घडविली किंवा अडविली, असे या इतिहासावरून दिसून येते.

पूर्वपीठिका : स्त्रियांच्या संघटित हॉकीचा आरंभ इंग्लंडमध्ये झाला. मोल्झी येथे १८८७ मध्ये स्त्रियांचा पहिला हॉकी संघ निघाला व १८९५ मध्ये त्यांची स्वतंत्र संघटना अस्तित्वात आली. भारतात १८८५ मध्ये कलकत्त्यास पहिला हॉकी संघ स्थापन झाला. तेथील बेटन चषक स्पर्धा १८९५ मध्ये, तर मुंबईची आगाखान चषक स्पर्धा १८९६ मध्ये सुरू झाली. ब्रिटिश लष्करामुळे हा खेळ छावण्यांच्या गावी पसरला. पुणे, खडकी, देवळाली, अहमदनगर, कामठी व औरंगाबाद ही महाराष्ट्रातील अशी लष्करी ठाणी होत. परंतु छावणीतील मैदान हे पुरुषांचे होते. स्त्रियांना हॉकीची काठी हाती घेण्याची संधी मिळाली, ती मुख्यत्वे मुंबई व पुणे येथील मिशनरी कन्याशाळांतून. या शाळांना स्वतःची क्रीडांगणे होती, खेळ शिकविणाऱ्या शिक्षिका होत्या आणि खेळाचा तास वेळापत्रकात असे. त्यामुळे प्रारंभीच्या महिला खेळाडूंत गोवेकर ख्रिस्ती, अँग्लो-इंडियन व पारशी मुलींचे प्रमाण मोठे होते. मराठी मध्यमवर्गीय घरांतील मुलींचा ओढा लंगडी, खो-खो आणि पुढे कबड्डी या खेळांकडे अधिक होता. या खेळांना साहित्याचा खर्च नव्हता व वाडा, शाळा किंवा आळी यांतील मोकळी जागा त्यांस पुरत असे.

संघटना : भारतीय महिला हॉकी फेडरेशनची स्थापना १९४७ मध्ये झाली. राष्ट्रीय अजिंक्यपदासाठी लेडी रतन टाटा यांच्या नावाचा चषक ठेवण्यात आला. १९६० ते १९६७ या काळात एल्व्हेरा ब्रिटो यांच्या नेतृत्वाखालील म्हैसूर संघाने या स्पर्धेवर वर्चस्व गाजविले. खेळाची व्यवस्था पाहणाऱ्या पुरुषांच्या व स्त्रियांच्या संघटना भारतात दीर्घकाळ वेगळ्या होत्या. २००९ मध्ये ‘हॉकी इंडिया’ ही संस्था स्थापन झाल्यानंतर दोहोंचे काम एका छत्राखाली आले.

रेल्वेचा आश्रय : शालेय शिक्षण संपताच बहुसंख्य मुलींचा खेळ थांबत असे. विवाह, अर्थार्जनाची गरज व सरावासाठी वेळेचा अभाव ही त्याची प्रमुख कारणे होती. ही कोंडी फोडण्याचे काम सर्वाधिक प्रमाणात रेल्वेने केले. पश्चिम व मध्य या दोन्ही रेल्वेंची मुख्यालये मुंबईत असल्याने महाराष्ट्रातील खेळाडूंस त्याचा विशेष लाभ झाला. कायम नोकरी, सरावासाठी कामातून सवलत, प्रवासाची सोय आणि वर्षभर स्पर्धा यांमुळे स्त्री खेळाडूस वयाच्या विशी-पंचविशीतही खेळत राहणे शक्य झाले. राष्ट्रीय स्पर्धांत रेल्वेचा संघ दीर्घकाळ बलाढ्य राहिला, यामागे हेच कारण होते. मात्र नोकरीमुळे तयार खेळाडू टिकून राहिली, तरी नवी खेळाडू निर्माण होण्यासाठी शाळाच आवश्यक होती. या व्यवस्थेची ही मर्यादा पुढील काळात स्पष्ट झाली.

मॉस्को ऑलिंपिक, १९८० : भारतीय महिला संघाने १९७४ च्या मांदल्यू (फ्रान्स) येथील पहिल्या विश्वचषक स्पर्धेत चौथा क्रमांक मिळविला होता. ऑलिंपिकमध्ये महिला हॉकीचा समावेश प्रथम १९८० मध्ये मॉस्को येथे झाला. अफगाणिस्तानातील सोव्हिएट लष्करी हस्तक्षेपाच्या निषेधार्थ अनेक राष्ट्रांनी या स्पर्धेवर बहिष्कार टाकला. परिणामी महिला हॉकीतील नामवंत संघ अनुपस्थित राहिले आणि सहा संघांची साखळी स्पर्धा झाली. भारताने ऑस्ट्रियाला २–० व पोलंडला ४–० असे नमविले, झिंबाब्वेशी १–१ अशी बरोबरी साधली, मात्र चेकोस्लोव्हाकियाकडून १–२ व सोव्हिएट संघाकडून १–३ असा पराभव पत्करला. पाच गुणांसह भारत चौथा आला. तिसऱ्या क्रमांकाच्या सोव्हिएट संघाचे गुण सहा होते. केवळ एका गुणाने भारताचे पदक हुकले.

रूपा सैनी यांच्या नेतृत्वाखालील या संघातील खेळाडूंची यादी तत्कालीन महिला हॉकीचे सामाजिक स्वरूप दर्शविते. मार्गारेट टोस्कानो, लॉरेन फर्नांडिस, सेल्मा डिसिल्व्हा, एलायझा नेल्सन, नझलीन मद्रासवाला, हुतोक्षी बगली, रेखा मुंडफन व वर्षा सोनी ही नावे त्यात शेजारी शेजारी आढळतात. यांपैकी फर्नांडिस, मुंडफन, नेल्सन व सोनी यांना अर्जुन पुरस्काराने गौरविण्यात आले.

एलायझा नेल्सन व १९८२ चे सुवर्णपदक : एलायझा नेल्सन यांचा जन्म पुणे येथे २७ सप्टेंबर १९५६ रोजी झाला. मॉस्को येथे खेळल्यानंतर दोन वर्षांनी दिल्लीच्या नवव्या आशियाई क्रीडास्पर्धेत भारतीय संघाचे नेतृत्व त्यांच्याकडे आले. आशियाई स्पर्धेत महिला हॉकी त्या वर्षी प्रथमच खेळली गेली आणि भारताने पहिलेच सुवर्णपदक पटकाविले. दक्षिण कोरियास रौप्य व मलेशियास कांस्यपदक मिळाले. याच स्पर्धेत भारतीय पुरुष संघ अंतिम सामन्यात पाकिस्तानकडून १–७ असा पराभूत झाला. त्या पराभवाची चर्चा पुढे अनेक वर्षे होत राहिली. स्त्रियांचे सुवर्णपदक मात्र तुलनेने लवकर विस्मरणात गेले. नेल्सन यांना १९८३ मध्ये पद्मश्री हा किताब देण्यात आला.

दिल्लीतील विजयानंतर या खेळाला बहर येईल, अशी अपेक्षा होती. प्रत्यक्षात १९८० नंतर भारतीय महिला संघ पुन्हा ऑलिंपिकच्या मैदानावर उतरला, तो २०१६ मध्ये रीओ दे जानेरो येथे. या दोन स्पर्धांमधील अंतर ३६ वर्षांचे आहे. या काळात भारताने २००२ च्या मँचेस्टर राष्ट्रकुल स्पर्धेत सुवर्णपदक मिळविले, २००४ मध्ये आशिया चषकही जिंकला. तथापि ऑलिंपिकचे दार बंदच राहिले. एका संपूर्ण पिढीतील खेळाडूंची कारकीर्द त्यामुळे ऑलिंपिकविना संपली.

मैदानाचा बदल व आघाडीची फळी : ऑलिंपिक हॉकी १९७६ च्या माँट्रिऑल स्पर्धेपासून कृत्रिम हिरवळीवर खेळली जाऊ लागली. या बदलाचा सर्वांत मोठा परिणाम आघाडीच्या खेळाडूंवर झाला. गवताच्या मैदानावर जुन्या पद्धतीनुसार पाच आघाडीचे, तीन मधल्या फळीचे व दोन बचावाचे खेळाडू असत. चेंडू काठीजवळ खेळवत, प्रतिस्पर्ध्यास हुलकावणी देत पुढे जाणे हे आघाडीच्या खेळाडूचे वैशिष्ट्य मानले जाई. कृत्रिम पृष्ठभागावर चेंडू सरळ व अतिशय वेगाने जातो, त्यामुळे धाव, दम आणि चेंडू एका स्पर्शात पुढे देण्याचे कौशल्य यांस महत्त्व आले. १९९० नंतरच्या दशकात ‘ऑफसाइड’चा नियम रद्द झाला व आघाडीचा खेळाडू थेट प्रतिपक्षाच्या गोलाजवळ उभा राहू लागला. चेंडू गमावताच मागे धावून बचाव करणे हेही त्याचे कर्तव्य ठरले. मुरमाड किंवा गवताळ मैदानावर सोळा-सतरा वर्षांपर्यंत खेळलेल्या मुलीस हा सर्व खेळ नव्याने शिकावा लागे. कृत्रिम हिरवळ अंथरण्याचा व ती राखण्याचा खर्च सामान्य शाळेच्या आवाक्याबाहेरचा होता. ज्या कन्याशाळांनी पूर्वीच्या खेळाडू घडविल्या, त्यांचे खेळातील महत्त्व अशा रीतीने ओसरले आणि हॉकी मोजक्या क्रीडासंकुलांपुरती मर्यादित होऊ लागली.

परदेशातील एक समांतर उदाहरण : स्त्री खेळाडूची कारकीर्द संस्थात्मक आधारावर किती अवलंबून असते, हे बर्फावरील हॉकीतील एका अमेरिकन खेळाडूच्या उदाहरणावरून अधिक स्पष्ट होते. या खेळात चेंडूऐवजी रबरी चकती असते व प्रत्येक संघाचे सहा खेळाडू बर्फावर असतात. कॅमी ग्रॅनाटो ही आघाडीची खेळाडू १९७१ मध्ये इलिनॉय राज्यात जन्मली. मुलींचे संघ जवळपास नसल्याने ती लहानपणी मुलांच्या संघांतून खेळली. केंद्रीय अनुदान घेणाऱ्या शिक्षणसंस्थांत लिंगभेदास मनाई करणारा कायदा अमेरिकेत १९७२ मध्ये झाला होता व त्यामुळे महाविद्यालयांतून स्त्रियांचे क्रीडासंघ वाढीस लागले होते. ग्रॅनाटो हिला प्रॉव्हिडन्स कॉलेजच्या संघात स्थान मिळाले. १९९० मध्ये ऑटवा येथे स्त्रियांची पहिली जागतिक अजिंक्यपद स्पर्धा झाली, तीत ती अमेरिकेकडून खेळली. महिला बर्फ-हॉकीचा ऑलिंपिक प्रवेश १९९८ मध्ये नागानो येथे झाला. अंतिम सामन्यात कॅनडाला ३–१ असे हरवून अमेरिकेने सुवर्णपदक जिंकले, तेव्हा ग्रॅनाटो संघनायिका होती. २००२ मध्ये तिच्या संघाला रौप्यपदक मिळाले. २००५ मध्ये तिला राष्ट्रीय संघातून वगळण्यात आले. २०१० मध्ये टोराँटो येथील हॉकीच्या सन्मानदालनात कॅनडाच्या अँजेला जेम्स हिच्यासह तिचा समावेश झाला. हा मान मिळविणाऱ्या या दोघी पहिल्या स्त्रिया होत.

नेल्सन व ग्रॅनाटो या दोघींनीही आपापल्या खेळाच्या पहिल्या ऑलिंपिक स्पर्धेत भाग घेतला आणि दोघींनी देशाला एका नव्या स्पर्धाप्रकारातील पहिले सुवर्णपदक मिळवून दिले. फरक पडला तो त्यानंतर. अमेरिकेत महाविद्यालये दरवर्षी नव्या मुली पुढे आणीत राहिली, त्यामुळे १९९८ पासून प्रत्येक हिवाळी ऑलिंपिकमध्ये तेथील महिला संघ पदकविजेता ठरला. महाराष्ट्रात रेल्वेने खेळाडूस पोटापाण्याची शाश्वती दिली. परंतु शाळा व नोकरी यांमधील टप्पा मोकळाच राहिला.

नवा टप्पा : ही उणीव भरून काढण्याचा प्रयत्न राज्य शासनाच्या क्रीडा प्रबोधिनी योजनेत आढळतो. निवडलेल्या मुलामुलींची निवास, आहार, शिक्षण व प्रशिक्षण यांची व्यवस्था या योजनेत केली जाते. पुण्याजवळील म्हाळुंगे-बालेवाडी येथे १९९४ च्या राष्ट्रीय क्रीडास्पर्धांच्या निमित्ताने उभारलेले श्री शिवछत्रपती क्रीडासंकुल हे तिचे प्रमुख केंद्र होय. या टप्प्यात खेळाचा भूगोल बदलला. सातारा जिल्ह्यातील फलटण तालुका हे त्याचे ठळक उदाहरण आहे. आसू येथील वैष्णवी फाळके व वाखरी येथील अक्षता ढेकळे या शेतकरी कुटुंबांतील मुली पुण्यातील प्रशिक्षणातून भारतीय संघापर्यंत पोहोचल्या. २०२२ मध्ये पॉचेफस्ट्रूम (दक्षिण आफ्रिका) येथील कनिष्ठ विश्वचषक स्पर्धेत चौथ्या आलेल्या भारतीय संघात दोघींचा समावेश होता. मधल्या फळीत खेळणाऱ्या फाळके या २०२३ च्या हांगजो आशियाई क्रीडास्पर्धेतील कांस्यपदक विजेत्या संघात होत्या. सातारा जिल्ह्यातीलच ऋतुजा पिसाळ यांनी २०२५ च्या हांगजो येथील आशिया चषक स्पर्धेत आघाडीच्या फळीत स्थान मिळविले. अंतिम सामन्यात चीनकडून १–४ असा पराभव झाल्याने भारतास रौप्यपदकावर समाधान मानावे लागले.

राष्ट्रीय संघाची वाटचाल मात्र अद्याप अस्थिर आहे. टोकिओ ऑलिंपिकमध्ये (२०२१) भारत कांस्यपदकाच्या सामन्यात ग्रेट ब्रिटनकडून ३–४ असा हरला व मॉस्कोप्रमाणेच चौथा आला. जानेवारी २०२४ मध्ये रांची येथे जपानकडून ०–१ असा पराभव झाल्याने पॅरिस ऑलिंपिकची संधी हुकली.

मराठवाडा : मराठवाडा १९४८ पर्यंत निजामाच्या राज्यात होता आणि १९५६ मध्ये तो द्विभाषिक मुंबई राज्यात आला. मुंबई–पुण्याकडील शालेय हॉकीची परंपरा या भागास लाभली नाही. छत्रपती संभाजीनगर (पूर्वीचे औरंगाबाद) येथे लष्करी छावणी असली, तरी मुलींना तिचा उपयोग मर्यादितच झाला. पुणे येथून सु. २३५ किमी. अंतरावरील या शहरात डॉ. बाबासाहेब आंबेडकर मराठवाडा विद्यापीठाच्या परिसरालगत भारतीय क्रीडा प्राधिकरणाचे केंद्र आहे. तेथे शिकविल्या जाणाऱ्या खेळांत हॉकीचा समावेश होतो. गारखेडा भागात विभागीय क्रीडासंकुल आहे. म्हणजे खेळाच्या प्रगत प्रशिक्षणासाठी आवश्यक असलेल्या संस्था या शहरात उभ्या आहेत. फलटणच्या उदाहरणावरून असे दिसते, की अशा केंद्रांना फळ येते, ते आसपासच्या गावांतील शाळांत दहा-अकरा वर्षांच्या मुलींच्या हाती काठी देणारा शिक्षक असेल तेव्हा. मराठवाड्यातील जिल्हा परिषदेच्या शाळा व हे केंद्र यांमध्ये असा दुवा निर्माण झाल्यास राज्याच्या महिला हॉकीस मुंबई, पुणे व सातारा यांनंतरचे चौथे क्षेत्र लाभू शकेल.