दहनानंतर शरीरातील पेसमेकर, रॉड आणि कृत्रिम सांध्यांचे काय होते?

तुमच्या घरी नुकताच मृत्यू झाला असेल, त्या व्यक्तीच्या छातीत पेसमेकर असेल आणि तुम्ही हे पान घाईत उघडले असेल, तर आधी एवढेच वाचा. दहनापूर्वी पेसमेकर काढून घ्यावा लागतो. लाकडावरचे दहन असो, विद्युतदाहिनी असो की गॅसदाहिनी, तिन्ही ठिकाणी हे लागू आहे. मृतदेह ताब्यात घेण्याआधी वॉर्डातल्या ड्युटीवरच्या डॉक्टरांना तसे स्पष्ट सांगा. दफन होणार असेल तर पेसमेकर काढण्याची गरज नसते. बाकीचा लेख नंतर सावकाश वाचला तरी चालेल.

मला याविषयी विचारणा होते ती बहुधा दोन वेळांना. एक, मृत्यूनंतर तासाभरात, घाबऱ्या आवाजातला फोन. दुसरी, अस्थी सावडून आल्यावर: "डॉक्टर, आईच्या राखेत गुडघ्याचा सांधा जसाच्या तसा सापडला. त्याचं आता काय करायचं?" पहिल्या प्रश्नाचे उत्तर तातडीचे आहे, दुसऱ्याचे नाही. फरक आहे तो बॅटरीचा.

पेसमेकर आगीत का फुटतो?

पेसमेकर म्हणजे टायटॅनियमची पूर्ण बंद केलेली छोटी डबी. तिच्यात लिथियमची बॅटरी असते आणि ती कित्येक वर्षे चालावी म्हणून आत हवा-पाणी जाणार नाही अशी सील केलेली असते. दाहिनीत तापमान साधारण ८०० ते १,००० अंश सेल्सिअसपर्यंत जाते. बॅटरीतील रसायनांचा वायू होतो, त्याला बाहेर पडायला वाट नसते. शिटी आणि सेफ्टी व्हॉल्व्ह दोन्ही बंद असलेला कुकर गॅसवर राहिला तर जे होईल, तेच इथे होते.

ही केवळ कागदावरची भीती नाही. १९७६ साली ब्रिटनमधील सोलिहल येथे दाहिनीत पेसमेकर फुटल्याची नोंद झाली. २००२ साली तिथल्या दाहिन्यांची पाहणी प्रसिद्ध झाली, तेव्हा उत्तर देणाऱ्यांपैकी सुमारे निम्म्यांनी असा स्फोट अनुभवल्याचे सांगितले. दाहिनीच्या आतल्या विटांना तडे जाऊ शकतात आणि दाराजवळच्या कर्मचाऱ्याला इजा होऊ शकते. आपल्याकडे लाकडाच्या चितेभोवती मुलगा, भाऊ, नातेवाईक काही पावलांवरच उभे असतात, मध्ये भिंतही नसते. म्हणून चितेच्या बाबतीत मी जास्तच आग्रह धरतो.

बॅटरी असलेली इतर उपकरणेही याच यादीत येतात: हृदयाला झटका देणारे आयसीडी, तीन वायरींचा सीआरटी पेसमेकर, ठोक्यांची नोंद ठेवणारा लूप रेकॉर्डर, कंपवातासाठी मेंदूला संदेश देणारे यंत्र (याची डबी बहुधा छातीत असते), पाठीच्या दुखण्यासाठी बसवलेले स्टिम्युलेटर, त्वचेखालचा औषधाचा पंप. कॉक्लियर इम्प्लांटच्या आतल्या भागात सहसा बॅटरी नसते. कानामागचा बाहेरचा भाग मात्र काढून ठेवा. श्रवणयंत्र, इन्सुलिन पंप, दंडावरचा साखरेचा सेन्सर आणि मनगटावरचे घड्याळही. घाईत या साध्या गोष्टीच राहून जातात.

काढतात कसा? शरीराची चिरफाड होते का?

नाही. पेसमेकर गळपट्टीच्या हाडाखाली, त्वचेच्या लगेच आत असतो. जुन्या व्रणावर काही सेंटिमीटरचा छेद घेऊन डबी बाहेर काढतात, वायरी कापतात आणि टाके घालतात. सारे काम साधारण पंधरा-वीस मिनिटांचे. वायरी आतच राहिल्या तरी धोका नाही. यासाठी शवविच्छेदन लागत नाही, चेहरा किंवा बाकी शरीराला हात लागत नाही, आणि कपडे घातल्यावर काही दिसतही नाही. "त्यांना आता आणखी कापू नका," असे म्हणणारी मुले मला भेटली आहेत. त्यांचे मन मला समजते. नेत्रदानाच्या वेळीही लोकांच्या मनात हीच भीती असते आणि प्रत्यक्ष पाहिल्यावर ती जाते.

आयसीडीच्या बाबतीत एक पायरी जास्त आहे. ते यंत्र आधी प्रोग्रॅमरने बंद करावे लागते. चालू असताना वायर कापली तर यंत्राला ती हृदयाची गडबड वाटू शकते आणि काढणाऱ्याच्या हाताला विजेचा झटका बसू शकतो. म्हणून हे काम घरी कोणी करू नये, स्मशानातल्या कर्मचाऱ्यांनाही करायला सांगू नये.

घरी मृत्यू झाला तर मृत्यूचा दाखला देणाऱ्या डॉक्टरांना सांगा. ते स्वतः काढू शकत नसतील तर पेसमेकर जिथे बसवला त्या किंवा जवळच्या मोठ्या रुग्णालयात फोन करा. रात्र असेल तर शवपेटी मागवून सकाळपर्यंत थांबणे चांगले. एका कुटुंबाला ही आठवण स्मशानाच्या फाटकाशी झाली. गुरुजी आलेले, गावाहून माणसे आलेली, आणि देह परत रुग्णालयात न्यावा लागला. रुग्णालयातल्या कागदांवर पेसमेकरची नोंद होती, पण देह सोपवताना कोणी विचारले नव्हते. ब्रिटनमध्ये दहनाच्या कागदपत्रांत हा प्रश्न छापलेलाच असतो. आपल्याकडे तो आपणच विचारावा लागतो.

काहीच सोय होत नसेल तर निदान लपवू नका. दाहिनीच्या चालकाला आधी सांगा. चिता असेल तर अग्नी दिल्यावर सर्वांना, विशेषतः लहान मुलांना, लांब उभे करा.

जाता जाता आणखी एका शंकेविषयी: "पेसमेकरमुळे जीव अडकून राहतो का?" नाही. मृत्यूनंतर यंत्र विजेचे ठोके पाठवत राहते, पण हृदयाचा स्नायू त्यांना प्रतिसाद देत नाही. आयसीडीचे वेगळे आहे. शेवटच्या दिवसांत ते वारंवार झटके देऊन रुग्णाला त्रास देऊ शकते. आजार बरा होणारा नाही हे स्पष्ट झाले असेल तर झटक्याचे कार्य बंद करण्याविषयी हृदयरोगतज्ज्ञांशी वेळेवर बोला. त्यासाठी ऑपरेशन लागत नाही आणि त्याने मृत्यू ओढवला जात नाही.

रॉड, प्लेट, कृत्रिम सांधा

हे काढण्याची गरज नाही. टायटॅनियम १,६६८ अंशांना वितळते. कोबाल्ट-क्रोम आणि स्टेनलेस स्टीलही १,३०० अंशांच्या पुढेच. म्हणून खुब्याचा गोळा, गुडघ्याचा सांधा, मांडीतला रॉड, प्लेट आणि स्क्रू काळपट होऊन राखेत सापडतात. सांध्यातले प्लास्टिक आणि हाड चिकटवण्याचे सिमेंट जळून जाते, त्यामुळे गुडघ्याचे दोन भाग सुटे मिळतात. बायपास झालेल्यांच्या राखेत तारेची छोटी पिळलेली वेटोळी दिसतात. छातीचे हाड ज्या तारांनी बांधले होते, त्या या तारा. स्टेंट इतका बारीक असतो की तो बहुधा नजरेला पडत नाही. मोतीबिंदूनंतरचे भिंग जळून जाते. दातातले सोने वितळून राखेत मिसळते.

सावडताना दोन गोष्टी पाळा. धातू उष्णता धरून ठेवतो, त्यामुळे राख वरून निवलेली दिसली तरी तुकडा हाताने उचलू नका, चिमटा वापरा. आणि चुंबकाने सगळे निघेल असे समजू नका. टायटॅनियम चुंबकाला चिकटत नाही, शरीरात बसवायचे स्टीलही सहसा नाही. ते डोळ्यांनी शोधूनच वेगळे करावे लागते. स्क्रूची टोके धारदार असतात.

मग त्याचे करायचे काय? हा सांधा दुसऱ्या रुग्णाला बसवता येत नाही, आणि माझ्या मते तो अस्थींबरोबर नदीत सोडूही नये. तो विरघळत नाही, घाटावर अनवाणी उतरणाऱ्याच्या पायात जातो. अस्थी म्हणजे हाडे. रॉड हा बाजारातून आणलेला धातू होता, तो मागे राहिला म्हणून विधीत काही उणे राहत नाही. स्मशानातल्या कर्मचाऱ्यांकडे द्या किंवा धातूच्या भंगारात जाऊ द्या. नेदरलँड्ससारख्या देशांत दाहिन्यांतून असा धातू गोळा करून वितळवून पुन्हा वापरतात. कोणी आठवण म्हणून तो घरी ठेवला, तरी त्यात वैद्यकीय धोका काही नाही.

किरणोत्सारी उपचार झाले असतील तर

प्रोस्टेटमध्ये कायमचे बसवलेले आयोडीन-१२५चे दाणे, थायरॉइडसाठीचे आयोडीन किंवा ल्युटेशियमचे इंजेक्शन घेतल्यावर थोड्याच दिवसांत मृत्यू झाला, तर दहनापूर्वी उपचार केलेल्या विभागाला कळवा. २०१७ साली अमेरिकेतील ॲरिझोना राज्यात ल्युटेशियम घेतलेल्या रुग्णाच्या दहनानंतर दाहिनीत किरणोत्सर्ग आढळला होता. ल्युटेशियमचा जोर दर सात दिवसांत जवळपास निम्मा होतो, आयोडीन-१२५चा सुमारे ६० दिवसांत. म्हणून इथे तारीख महत्त्वाची. वर्षांपूर्वी झालेल्या उपचाराची काळजी नको. नेहमीच्या, बाहेरून दिलेल्या रेडिएशनने शरीरात काहीच उरत नाही.

काढलेला पेसमेकर कोणाच्या उपयोगी पडतो का?

कधी कधी, हो. अमेरिकेत मृतांच्या शरीरातून काढून दान केलेले पेसमेकर तपासून, निर्जंतुक करून मुंबईत वांद्र्याच्या होली फॅमिली रुग्णालयात गरजू रुग्णांना बसवले गेले. २०१२ साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात असे ५३ रुग्ण होते. १२१ यंत्रांपैकी तेवढ्यांतच पुरेशी बॅटरी उरली होती. पण ही सर्रास उपलब्ध असलेली सोय नाही. कंपन्या ही यंत्रे एकदाच वापरण्यासाठी बनवतात. दान करायची इच्छा असेल तर पेसमेकर बसवणाऱ्या डॉक्टरांना विचारा. ओळखीतल्या कोणाला परस्पर देऊ नका. दान होत नसेल तर यंत्र रुग्णालयातच सोडा. बॅटरी असल्यामुळे ते घरच्या कचऱ्यात किंवा भंगारातही टाकू नये.

पेसमेकर बसवल्यावर मिळालेले कार्ड बहुतेक घरांत जुन्या रिपोर्टांच्या तळाशी असते. ते वर काढा. त्याचा फोटो घरातल्या दोघांच्या मोबाइलमध्ये ठेवा आणि फाइलच्या पहिल्या पानावर मोठ्या अक्षरांत लिहा: छातीत पेसमेकर आहे, दहनापूर्वी काढणे. रुग्णासमोर हे लिहायला संकोच वाटतो, खरे आहे. माझ्या अनुभवात बरेचदा आजोबाच पेन मागून घेतात.