उपवास आणि अर्बुद

तापीतीरीचे बऱ्हाणपूर आज मध्य प्रदेशात असले, तरी खानदेशाशी असलेले त्याचे नाते तुटलेले नाही. या मुलखातील मराठी घरांत एकादशीचे व्रत पिढ्यानपिढ्या चालत आले आहे. अशा घरी कोणास कर्करोग जडला, की १९४१ साली परळ येथे सुरू झालेल्या टाटा स्मारक रुग्णालयाचा विचार होतो. त्याचबरोबर वडीलधाऱ्यांच्या मनात एक प्रश्न उभा राहतो : उपवासाने ही गाठ उपाशी मरेल काय ?

हा प्रश्न भाबडा म्हणून सोडून देण्याजोगा नाही. १९०९ साली मोरेस्की या संशोधकाने अर्धपोटी ठेवलेल्या उंदरांत गाठींची वाढ मंदावलेली पाहिली. १९१४ मध्ये पेटन राउस यांना व १९४० नंतर शिकागोच्या टॅनेनबाउम यांनाही तसाच अनुभव आला. दरम्यान, १९२० नंतरच्या दशकात बर्लिनच्या ओटो वारबुर्ग यांनी दाखवून दिले, की कर्कपेशी प्राणवायू उपलब्ध असतानाही साखर अधाशासारखी ओढून घेते व तिचे लॅक्टिक आम्ल बनवते. आजची 'पेट' तपासणी याच गुणावर चालते; म्हणूनच तिच्यापूर्वी रोग्यास काही तास उपाशी ठेवतात.

मग साखर तोडली की काम झाले, असे वाटणे साहजिक आहे. परंतु देहाचा कारभार इतका सरळ नाही. उपवासात इन्शुलिन उतरते व चरबी वापरली जाऊ लागते हे खरे. पण रक्तातील साखर शून्यावर येत नाही. यकृत ती स्नायूंच्या प्रथिनांपासूनही घडविते. कर्कपेशी अमिनो आम्लांवरही निर्वाह करू शकते. अशा रीतीने गाठ तगते आणि रोगी मात्र झिजतो.

माणसांवरील पुरावा अद्याप तोकडाच आहे. नेदरलंडमध्ये स्तनाच्या कर्करोगाच्या १३१ स्त्रियांवर झालेला प्रयोग २०२० साली प्रसिद्ध झाला. रासायनिक उपचाराच्या वेळी उपवाससदृश आहार घेणाऱ्या गटात गाठी आकसल्याचे अधिक वेळा दिसले. पण गाठ पूर्णपणे नाहीशी होण्याच्या प्रमाणात फरक पडला नाही, आणि बहुतेकींना ते पथ्य शेवटपर्यंत झेपले नाही. शिवाय तेथेही उपवास हा औषधाच्या जोडीला होता, औषधाच्या जागी नव्हता.

आपला उपवास तर आणखी निराळा. साबुदाण्याची खिचडी, रताळे आणि बऱ्हाणपूर-जळगावची केळी यांनी रक्तातील साखर उतरत नाही, चढते. व्रताचे मोल त्यामुळे कमी होत नाही. मात्र त्याला प्रयोगशाळेतील उपवास समजू नये.

आपल्या पूर्वसूरींना हा विवेक होता. चरकसंहितेच्या सूत्रस्थानात लंघनाची महती आहे. परंतु क्षीण, कृश, वृद्ध व दुर्बल यांस त्याच अध्यायात बृंहण, म्हणजे पोषण, सांगितले आहे. पंढरपूरच्या काशीनाथ उपाध्यायांच्या 'धर्मसिंधू'त अशक्तास एकादशीच्या कडक उपवासातून सवलत आहे, आणि त्याच्या वतीने पत्नीने, पतीने वा पुत्राने व्रत करण्याची सोयही आहे.

तेव्हा घरातील रोगी उपचार घेत असता त्याच्या ताटात काय असावे, हे वैद्यकाच्या सल्ल्याने ठरवावे. वजन उतरत असेल, तर त्याने निःशंकपणे जेवावे. एकादशी त्याच्यासाठी घरातील निरोगी माणसाने करावी. शास्त्राची त्यास पूर्ण संमती आहे.