गव्हर्नरांच्या यादीतले तांबे

पाथर्डीत घरी बसून मध्य प्रांताच्या गव्हर्नरांची यादी चाळत होतो. बहुतेक नावं इंग्रज, आणि १९२९ समोर एकदम श्रीपाद बळवंत तांबे! मी विज्ञानाचा विद्यार्थी. आलेखात एकटा पडलेला बिंदू दिसला की आधी तोच तपासतो.

तांबे अमरावतीचे, स्वराज्य पक्षाचे. अमेरिकेत तेव्हा राज्याचा गव्हर्नर मतदार निवडायचे, इथे ब्रिटिश सरकार नेमायचं. मग सरकारची अडवणूक करायला कायदेमंडळात गेलेल्या पक्षाचा माणूस त्या खुर्चीत कसा?

उत्तर १९२५ मध्ये सापडतं. प्रांतिक कायदेमंडळाचे अध्यक्ष असलेल्या तांब्यांनी ऑक्टोबरात गव्हर्नरच्या कार्यकारी मंडळातली जागा स्वीकारली. मोतीलाल नेहरू भडकले. केळकर, जयकर, मुंजे मात्र प्रतियोगी सहकारितेच्या बाजूने गेले आणि पक्ष फुटला. तांब्यांचं १९२९चं पद हंगामी होतं, पण तिथवरची वाट याच निर्णयातून गेली. याला फितुरी म्हणणं मला घाईचं वाटतं. टिळकांच्या अनुयायांत हा वाद आधीपासूनच होता.

आणि हो, 'पहिले भारतीय गव्हर्नर' असं लिहू नका. लॉर्ड सिन्हा १९२० मध्येच बिहार-ओरिसाचे गव्हर्नर झाले होते.