मस्टर कुणाच्या हातात?

आपल्या अभ्यासवर्गात दर खेपेला एक शब्द फेकला जातो आणि फेकणारा खुशाल पुढं जातो. दहशतवादी देश. कुणी अमेरिकेला म्हणतं, कुणी पाकिस्तानला, कुणी इस्रायलला. आवाज चढतात, चहा गार होतो. मी म्हणतो, आधी एवढं तरी बघू या की अख्ख्या सरकारच्या कपाळावर हा शिक्का मारायचं काम सुरू कधी झालं, शिक्का कुणाच्या खिशात असतो आणि तो पुसून घ्यायला काय मोजावं लागतं. मी कॉलेजात गेलेलो नाही. सूतगिरणीत रिंग खात्यात तुटलेले धागे जोडतो आणि पाळी सुटल्यावर वाचनालयात बसतो. जे वाचलं ते मांडतो. पटलं नाही तर भांडा.

पहिल्यांदा शब्दाचंच बघा. 'टेरर' हा शब्द राजकारणात आला तो सरकारच्या नावानं. फ्रान्सात राज्यक्रांतीनंतर १७९३-९४ साली रोबेस्पिअर आणि त्याच्या साथीदारांनी राज्य चालवलं ते भीतीवर. नुसत्या सरकारी निकालानं सतरा हजारांच्या आसपास माणसं मारली गेली. त्या राजवटीला 'टेरर' म्हणत, आणि ती राजवट चालवणारा तो 'टेररिस्ट'. म्हणजे हा शब्द जन्मला तेव्हा त्याचा पत्ता सरकारी कचेरीचा होता. पुढच्या शंभरेक वर्षांत पत्ता बदलला. बॉम्ब फेकणारा टेररिस्ट झाला आणि तोफ डागणारा सरकार राहिला. इंग्रजांनी भगतसिंगांना तोच शब्द लावला, आणि जालियनवाला बागेत गोळ्या घालणाऱ्या जनरलला मात्र तो शिक्का म्हणून चिकटला नाही.

सरकारांकडं हा शब्द परत वळला तो १९७९ साली. तोही अर्धाच. अमेरिकेनं निर्यातीवरच्या नियंत्रणाचा एक कायदा केला आणि त्यात पोटकलम घातलं, की आंतरराष्ट्रीय दहशतवादाला जी सरकारं वारंवार पाठबळ देतात त्यांची यादी करायची. त्या वर्षाच्या २९ डिसेंबरला पहिली चार नावं लागली : लिबिया, इराक, दक्षिण येमेन, सीरिया. यादीत गेलं की शस्त्रं बंद, मदत बंद, यंत्रसामग्रीवर बंधनं, जागतिक बँकेत कर्ज मागितलं तर अमेरिकेनं विरोध करायचा. १९९६ साली त्यात आणखी एक भर पडली. यादीतल्या सरकारवर अमेरिकन माणूस आपल्या कोर्टात नुकसानभरपाईचा दावा लावू शकतो. यादीबाहेरच्या सरकारला त्या दाव्यापासून तेव्हा संरक्षण होतं.

आता हे ठरवतं कोण? खटला नाही, साक्ष नाही, आरोपीला वकील नाही. परराष्ट्रमंत्र्याची सही आणि गॅझेट. आमच्या खात्यात मस्टर मुकादमाच्या बगलेत असतं. कुणाचा खाडा लागणार आणि कुणाचा नाही, हे कोण गैरहजर होतं यावरून ठरतं असं ज्याला वाटतं त्यानं महिनाभर गिरणीत येऊन बघावं.

सत्तेला याद्या करायची खोड जुनीच आहे, आणि ती आपल्या लोकांना नवी नाही. १८७१ साली इंग्रजांनी गुन्हेगार जमातींचा कायदा केला. पारधी, कैकाडी, मांग-गारुडी, अशा जमातींच्या जमाती जन्मानंच गुन्हेगार. नाव रजिस्टरला, पोलिसांकडं हजेरी. सोलापुरात तारेचं कुंपण घालून सेटलमेंट उभी केली आणि त्या तारेआतली माणसं गिरण्यांत राबली. आजही तिथं त्या भागाला सेटलमेंटच म्हणतात. कायदा गेला १९५२ साली. शिक्का अजून जात नाही. तर यादी म्हणजे काय चीज असते, हे आपल्याला हार्वर्डच्या प्रोफेसरानं शिकवायला नको.

इराकची गोष्ट सगळ्यात उघडी आहे, म्हणून ती सविस्तर सांगतो. १९८० साली सद्दाम हुसेननं इराणवर चढाई केली. इराण हा तेव्हा अमेरिकेचा ताजा दुश्मन. १९८२ च्या फेब्रुवारीत इराकचं नाव यादीतून काढलं. म्हणे, वागणूक सुधारली. अमेरिकी संरक्षण खात्यातल्याच एका अधिकाऱ्यानं पुढं कबूल केलं की सुधारणा-बिधारणा काही नव्हती, इराणविरुद्धच्या लढाईत इराकला हात द्यायचा होता. १९८३ च्या डिसेंबरात डोनाल्ड रम्सफेल्ड बगदादला जाऊन सद्दामशी हस्तांदोलन करून आला. इराक रासायनिक अस्त्रं वापरतंय हे तोवर वॉशिंग्टनला ठाऊक होतं. पुढच्याच महिन्यात, जानेवारी १९८४ मध्ये, इराणचं नाव यादीत चढलं.

१६ मार्च १९८८. इराकच्याच हद्दीतलं कुर्दांचं गाव, हलबजा. विमानांनी विषारी वायू टाकला. पाच हजारांपर्यंत माणसं मेली. बाया दारात, पोरं त्यांच्या कवेत, जिथं होती तिथंच. हे फोटो जगानं बघितले. अमेरिकी प्रवक्त्यानं आधी इराणकडंही बोट दाखवून बघितलं. इराकचं नाव यादीत गेलं नाही. धान्यखरेदीच्या कर्जाची हमी चालूच राहिली. नाव परत गेलं ते सप्टेंबर १९९० मध्ये, सद्दामनं कुवेतमध्ये फौजा घातल्यावर. कुवेतमध्ये तेल होतं. हलबजात कुर्द होते.

त्याच काळात निकाराग्वात काय चाललं होतं बघा. १९७९ च्या जुलैत सँडिनिस्टांनी सोमोझाची घराणेशाही उलथवली. अमेरिकेनं त्यांच्याविरुद्ध 'काँट्रा' टोळ्या पोसल्या. शस्त्रं दिली, पगार दिला, शिकवणी दिली. १९८४ च्या सुरुवातीला अमेरिकी गुप्तहेर खात्यानं निकाराग्वाच्या बंदरांत सुरुंग पेरले. त्याच खात्यानं काँट्रांसाठी एक पुस्तिका काढली होती, त्यात न्यायाधीश, पोलीस अशी निवडक माणसं कशी 'निकामी' करायची ते लिहिलेलं. निकाराग्वा हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयात गेलं. अमेरिका खटला अर्ध्यावर टाकून बाहेर पडली. २७ जून १९८६ ला निकाल लागला, आणि तेव्हा न्यायालयाचे अध्यक्ष होते भारताचे नगेंद्र सिंग. निकाल असा, की काँट्रांना शस्त्रं, पैसा आणि प्रशिक्षण देऊन, सुरुंग पेरून अमेरिकेनं आंतरराष्ट्रीय कायदा मोडला, भरपाई द्यावी. नीट सांगायचं तर न्यायालयानं काँट्रांचा प्रत्येक खून अमेरिकेच्या खात्यावर टाकला नाही. तेवढा थेट ताबा सिद्ध झाला नाही असं म्हटलं. ऑक्टोबरात सुरक्षा परिषदेत निकाल पाळा असा ठराव आला. बाजूनं अकरा, तटस्थ तीन, विरोधात एक. त्या एकाकडं व्हेटो होता.

आणि पुढचं ऐका. अमेरिकी संसदेनंच काँट्रांना मदत द्यायला बंदी घातली होती. मग पैसा कुठून आणायचा? १९८५-८६ मध्ये रेगन सरकारच्या माणसांनी इराणला चोरून टँकविरोधी क्षेपणास्त्रं विकली. इराणला! ज्याचं नाव त्यांनीच यादीत घातलं होतं. त्यातला नफा काँट्रांना पोचवला. १९८६ च्या नोव्हेंबरात बैरूतच्या एका मासिकानं भांडं फोडलं. काही माणसांवर खटले झाले, आणि १९९२ च्या नाताळच्या आदल्या दिवशी थोरल्या बुशनं माजी संरक्षणमंत्र्यासकट सहा जणांना माफी दिली. सणाची भेट.

आता दक्षिण आफ्रिका. इथं आपल्या काळजाला हात जातो. आपल्या देशानं १९४६ सालीच त्या सरकारशी व्यापार तोडला आणि वर्णभेदाचा प्रश्न युनोत नेला. चांगलंच केलं. (गावच्या विहिरीचा प्रश्न तेव्हा युनोत न्यायला कुणी नव्हतं.) त्या गोऱ्या सरकारनं आपल्या हद्दीत काय केलं ते शार्पव्हिल आणि सोवेटो या दोन नावांत येतं. हद्दीबाहेर काय केलं ते कमी सांगितलं जातं. १७ ऑगस्ट १९८२ ला मापुटोच्या विद्यापीठात रूथ फर्स्ट या लेखिकेनं टपालानं आलेलं पाकीट उघडलं आणि ती जागीच मेली. पाकीट पाठवणारे दक्षिण आफ्रिकेचे पोलीस होते. २९ मार्च १९८८ ला पॅरिसमध्ये आफ्रिकन नॅशनल काँग्रेसच्या प्रतिनिधी डल्सी सप्टेंबर यांना कचेरीच्या दारात गोळ्या घातल्या; मारेकरी आजवर सापडला नाही.

शेजारी मोझांबिक. तिथं 'रेनामो' नावाची टोळी आधी ऱ्होडेशियाच्या हेरखात्यानं उभी केली, आणि १९८० मध्ये ऱ्होडेशिया बुडाल्यावर दक्षिण आफ्रिकेच्या लष्करानं दत्तक घेतली. रेनामो शाळा जाळी, दवाखाने जाळी, माणसांचे कान-नाक कापी, पोरं पळवून त्यांच्या हातात बंदुका देई. मार्च १९८४ मध्ये दक्षिण आफ्रिकेनं नकोमाटी करारावर सही करून मदत थांबवायचा शब्द दिला आणि मदत चालू ठेवली. १९८८ मध्ये अमेरिकी परराष्ट्र खात्यानंच रॉबर्ट गेर्सोनी याला जवळपास दोनशे निर्वासितांशी बोलायला पाठवलं. त्याचा अंदाज, रेनामोनं एक लाख नागरिक मारले असावेत. परराष्ट्र खातं म्हणजे यादी करणारं खातं. अहवाल एका टेबलावर, यादी दुसऱ्या टेबलावर. दक्षिण आफ्रिकेचं नाव यादीत कधीच आलं नाही. १९८६ साली अमेरिकी संसदेनं रेगनचा नकार मोडून तिच्यावर निर्बंध घातले हे खरं आहे, पण ते वर्णभेदासाठी. त्यामागं तिथल्या काळ्या जनतेची वर्षानुवर्षांची चळवळ होती.

दहशतवादी कोण ठरलं? अमेरिकी संरक्षण खात्यानं त्याच सुमारास काढलेल्या दहशतवादी संघटनांच्या पुस्तकात मंडेलांच्या संघटनेचं नाव होतं. १९९० साली आपल्याकडं भारतरत्न जाहीर झालं बाबासाहेबांना, आणि त्याच वर्षी मंडेलांना. तरी अमेरिकेत शिरायला मंडेलांना खास परवानगी लागायची. हे झेंगट सोडवायला २००८ च्या जुलैत कायदा करावा लागला. माणूस राष्ट्राध्यक्ष होऊन निवृत्त झाला होता, नव्वदीला टेकला होता.

आता आपल्यातलाच कुणी उठून म्हणेल, म्हणजे ही यादी सगळी खोटी, त्यातले सगळे बिचारे. थांब गड्या. तसं म्हणू नये. २१ डिसेंबर १९८८ ला लॉकरबीवर विमान फुटलं, २७० माणसं गेली, आणि २००३ मध्ये लिबियानं जबाबदारी मान्य करून भरपाई कबूल केली. सीरियाच्या असादनं आपल्याच लोकांचं काय केलं ते जगजाहीर आहे. यादीत असलेले साव नव्हते. यादीबाहेरचे चोर मोकळे होते, एवढं माझं म्हणणं. आणि त्याची झळ आपल्या मुंबईलाही बसलेली आहे. २००८ च्या नोव्हेंबरात १६६ माणसं मारली गेली. ताजची चर्चा फार झाली. सीएसटीवर गाडीची वाट बघत पिशव्यांवर डोकं ठेवून बसलेल्यांची कमी. त्या हल्ल्यासाठी जागा पाहून ठेवणारा डेव्हिड हेडली, अमेरिकी नागरिक, यानं शिकागोच्या कोर्टात पाकिस्तानी आयएसआयच्या अधिकाऱ्याकडून पैसे आणि सूचना मिळाल्याचं सांगितलं. पाकिस्ताननं नाकारलं. १९९२ साली अमेरिकेनं पाकिस्तानला यादीत घालायची लेखी धमकी दिली होती, ती विरून गेली. २००८ साली तर अफगाणिस्तानातल्या अमेरिकी फौजेची रसद पाकिस्तानच्या रस्त्यानं जात होती. मग कसली यादी!

युनोत १९९६ साली भारतानंच दहशतवादावरच्या सर्वंकष कराराचा मसुदा ठेवला. व्याख्येवर गाडी अडली ती अडलीच. परकी ताब्याविरुद्ध लढणारे त्यात मोजायचे का, आणि सरकारी फौजा मोजायच्या का, या दोन प्रश्नांवर.

नाव काढून घेण्याचा भाव मात्र ठरलेला दिसतो. क्युबाचं नाव २०१५ मध्ये काढलं, जानेवारी २०२१ मध्ये ट्रम्पनं जाता जाता परत घातलं, जानेवारी २०२५ मध्ये बायडेननं काढायचं जाहीर केलं आणि आठवड्याच्या आत ट्रम्पनं ते फिरवलं. एवढ्या दिवसांत क्युबानं काय बॉम्ब फोडले होते?

सुदानचं बघा. १९९३ साली यादीत गेला, ओमर अल बशीरच्या राज्यात. बिन लादेनला तिथं आसरा होता, हे खरंच. २०१८ च्या डिसेंबरात पावाचा भाव एका पौंडाचा तीन पौंड झाला आणि अतबरा या रेल्वे कामगारांच्या गावातून लोक रस्त्यावर उतरले. एप्रिल २०१९ मध्ये बशीर गेला. ज्यांनी त्याला घालवलं त्यांच्या माथी त्याचं बिल आलं : साडेतेहतीस कोटी डॉलर भरा, आणि त्याच सुमारास इस्रायलशी संबंध जोडायची बोलणी. भुकेल्या देशानं पैसे भरले. १४ डिसेंबर २०२० ला नाव कमी झालं. दहा महिन्यांनी, ऑक्टोबर २०२१ मध्ये, लष्करानं ते सरकार उलथून टाकलं आणि रस्त्यावरच्या पोरांवर गोळ्या झाडल्या. नाव यादीत परत गेलं नाही.