नागलोकातील ग्रंथभांडार : संहिता आणि प्रामाण्य

'प्रज्ञापारमिता' सूत्रे नागार्जुनाने समुद्रातील नागलोकातून आणली, ही महायान परंपरेतील आख्यायिका चरित्रातील अद्भुताचा अंश म्हणून बहुधा बाजूला ठेवली जाते. वस्तुतः संहितेला प्रामाण्य कसे लाभते, या प्रश्नाचा एक गंभीर विचार तिच्यात अनुस्यूत आहे.

इ.स. ४०१ मध्ये चांगआनला पोहोचलेल्या कुमारजीवाच्या नावावर असलेल्या चिनी नागार्जुनचरित्रात या कथेचे महत्त्वाचे रूप आढळते. तरुण नागार्जुन तीन मित्रांसह प्रथम अदृश्य होण्याची विद्या मिळवतो. गुरूने दिलेल्या औषधातील सत्तर द्रव्ये तो केवळ वासावरून ओळखतो. या विद्येच्या बळावर चौघे राजाच्या अंतःपुरात शिरतात. मित्र मारले जातात आणि बचावलेला नागार्जुन प्रव्रज्या घेतो. पुढे शास्त्रार्थातील विजयांनी अहंकार जडून तो स्वतःचा पंथ स्थापू पाहतो. तेव्हा महानाग त्याला समुद्रातील प्रासादात नेऊन सूत्रांचे भांडार उघडून देतो. नव्वद दिवस वाचूनही पेट्या संपत नाहीत. जंबुद्वीपात वाचले त्याच्या दसपट येथे वाचल्याची कबुली देऊन तो मोजकीच सूत्रे घेऊन परततो.

कथेच्या या दोन टोकांत ज्ञानाच्या दोन कल्पना परस्परांसमोर उभ्या आहेत. औषधाचे रहस्य बुद्धीने उकलते, आणि उकलताच सत्तेचे साधन बनते. ग्रंथभांडार मात्र वाचकाला स्वतःच्या मर्यादेचे भान देते. येथे जादू हरते ती वाचनापुढे.

या रचनेला ऐतिहासिक प्रयोजन होते. नागार्जुनाचा काळ सामान्यतः इसवी सनाचे दुसरे-तिसरे शतक मानला जातो. 'अष्टसाहस्रिका प्रज्ञापारमिते'चे लोकक्षेमकृत चिनी भाषांतर मात्र इ.स. १७९ मधले आहे. म्हणजे ही सूत्रे नागार्जुनावर अवलंबून नव्हती. आख्यायिकेनेच त्यांच्याशी त्याचे नाव जोडले. महायान सूत्रे बुद्धवचन नव्हेत, हा प्रतिपक्षाचा आक्षेप होता. मधल्या काळात ती मनुष्यलोकात का ऐकू आली नाहीत, याचे उत्तर देणे भाग होते. कथा ही अनुपस्थिती नाकारत नाही. तिचे रूपांतर ती जतनात करते. ग्रंथ नव्याने रचले गेले नाहीत, अधिकारी वाचकाची वाट पाहत नागांच्या रक्षणात राहिले, असा तिचा युक्तिवाद आहे.

मराठी वाचकाला येथे इंद्रायणीत बुडवलेल्या तुकोबांच्या गाथेचे स्मरण होणे स्वाभाविक आहे. परंतु दोन्ही कथांतील पाण्याचे कार्य भिन्न आहे. देहूच्या कथेत आधीच लोकमुखी असलेल्या अभंगांची पाणी परीक्षा घेते. नागार्जुनकथेत अज्ञात संहितेचे ते कोठार होते. एकीकडे कवीच्या अधिकाराचा प्रश्न आहे, तर दुसरीकडे ग्रंथाच्या प्राचीनत्वाचा.

नागार्जुनकथेतील युक्तिवादाला मात्र दुसरी बाजूही आहे. भांडार अपार आणि बाहेर आलेली सूत्रे मोजकी, असे मानले की कोणतीही संहिता अंतिम ठरत नाही. उद्या प्रकट होणारा ग्रंथही तेथूनच आल्याचा दावा करू शकतो. प्रज्ञापारमितेला प्रामाण्य देणारी कथा अशा प्रकारे प्रामाण्याची सीमाच पुसट करते. १९३१ मध्ये गिलगिटजवळच्या अवशेषांतून बाहेर आलेल्या हस्तलिखितांत प्रज्ञापारमितेचाही समावेश होता. इतिहासाला ती समुद्रात नव्हे, मातीत सापडली. तथापि ग्रंथ कोठे होता हे पुराव्याने सांगता आले, तरी तो कोणाचा आणि कोणत्या अधिकाराने प्रमाण, हा प्रश्न पुराव्याने मिटत नाही. आख्यायिका उभी राहते ती नेमकी त्या जागी.