युद्धाच्या पोटची झुंज

बैलांची झुंज लागते, कोंबड्यांची लागते. त्यांचं युद्ध कुणी लावत नाही. युद्ध पेटतं ते दोन देशांत. वापरात इतके दुरावलेले हे दोन शब्द निघाले मात्र एकाच घरातून.

संस्कृतात ‘युध्’ हा लढण्याचा धातू. युधिष्ठिर म्हणजे रणात स्थिर राहणारा. अयोध्या म्हणजे जिच्याशी लढून निभाव लागायचा नाही अशी नगरी. या धातूचं ‘युध्यते’ हे रूप लोकांच्या तोंडी रुळलं आणि प्राकृतात ‘जुज्झइ’ झालं. आरंभीच्या ‘य’चा ‘ज’ होणं नेहमीचंच, यात्रेची जत्रा झाली ती तशीच. ‘ध्य’चा ‘झ’ होण्याची वाटही मळलेली: वंध्येची वांझ झाली, आणि जैनांच्या नवकार मंत्रात उपाध्याय आजही ‘उवज्झाय’ म्हणून भेटतात.

मराठीची खरी करामत पुढची. ‘जुज्झ’मधला महाप्राण, म्हणजे ‘झ’मधला ‘ह’चा श्वास, उडी मारून पहिल्या अक्षरावर बसला. पक्षाचा पंख होताना शिरला तसा अनुस्वार मध्ये शिरला, आणि ‘झुंज’ तयार झाली. हिंदीत तो महाप्राण जागचा हलला नाही, म्हणून तिथे ‘जूझना’. गुरू गोविंदसिंगांचे पुत्र जुझारसिंग चमकौरच्या लढाईत धारातीर्थी पडले. त्यांचं नाव आणि आपला ‘झुंजार’ ही सख्खी भावंडं.

1290 सालच्या ज्ञानेश्वरीत कुरुक्षेत्रावरची लढाईसुद्धा झुंजच आहे. म्हणजे तेव्हा हा शब्द महायुद्धालाही पुरत होता. पुढे फारसीतून ‘जंग’ आली, संस्कृतातलं ‘युद्ध’ पोथीतून जसंच्या तसं उचललं गेलं, आणि सैन्यांचा संग्राम झुंजीच्या हातून निसटला.

तिच्याकडे उरलं ते समोरासमोर भिडणं. जनावरांच्या झुंजी लावायला 1960 च्या प्राणी क्रूरता प्रतिबंधक कायद्यानं मनाई केली, ते योग्यच झालं. शब्दाला त्यानं धक्का लागला नाही. बळ कमी असूनही माघार न घेणाऱ्याची लढत सांगायला मराठीत याहून नेमका शब्द नाही. म्हणूनच मृत्यूशी झुंज दिली जाते, युद्ध नव्हे. इंग्रजांशी लढलेल्या यशवंतराव होळकरांवरच्या कादंबरीला ना. सं. इनामदारांनी ‘झुंज’ हेच नाव दिलं. त्याआधी 1890 साली गोविंद बल्लाळ देवलांनी शेक्सपिअरचा ऑथेल्लो मराठीत आणला, तो ‘झुंझारराव’ म्हणून. आणि बाबूराव अर्नाळकरांच्या रहस्यकथांचा नायक तर नुसत्या ‘झुंजार’ या नावानं घराघरांत पोचला.